आम्हालाही अशी तुकडी हवी: मराठी वाहिन्यांच्या कार्यक्रमप्रमुखांना खुले पत्र

प्रति,
मराठी मनोरंजन वाहिन्यांचे आणि ओटीटी मंचांचे कार्यक्रमप्रमुख, निर्माते व मालिकालेखक यांस,

विषय: सैनिकी पार्श्वभूमी असलेली दीर्घ विज्ञानमालिका मराठीत निर्माण करण्याबाबत.

महोदय, महोदया,

सप्रेम नमस्कार.

मी लातूर जिल्ह्यातील एका माध्यमिक शाळेत इतिहास शिकवते. आपल्यापुढे एक मागणी मांडण्यासाठी हे पत्र लिहीत आहे. ती मागणी ज्या मालिकेमुळे माझ्या मनात रुजली, तिच्याविषयी आधी सविस्तर सांगणे मला आवश्यक वाटते. कारण त्या मालिकेचे बळ नेमके कशात आहे हे ध्यानात घेतले नाही, तर तिची झगमग तेवढी उचलली जाईल आणि जीव मागे राहील. मालिकेचे नाव ‘स्टारगेट एसजी-१’. १९९४ च्या एका चित्रपटाचा धागा पुढे नेत ब्रॅड राइट आणि जोनाथन ग्लासनर यांनी ती उभी केली. २७ जुलै १९९७ रोजी अमेरिकेतील शोटाइम वाहिनीवर तिचा आरंभ झाला, पाच पर्वांनंतर ती साय-फाय वाहिनीकडे गेली, आणि २००७ मध्ये दहावे पर्व संपले तेव्हा तिचे २१४ भाग झाले होते. तिच्यातून पुढे आणखी दोन मालिका निघाल्या. त्यांतली एक पाच पर्वे चालली, दुसरी दोनच. माझे म्हणणे मात्र मूळ मालिकेपुरतेच आहे.

ज्यांनी ती पाहिलेली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. इजिप्तमध्ये गिझा येथे १९२८ साली उत्खननात धातूचे एक प्रचंड कडे सापडते. त्याच्यावरची चिन्हे ठरावीक क्रमाने जुळवली की दूरच्या ग्रहावर असलेल्या तशाच कड्यापर्यंत वाट उघडते आणि माणूस क्षणात पलीकडे पोहोचतो. अमेरिकेचे हवाई दल हे कडे कोलोरॅडोतील शायेन पर्वताच्या पोटात, जमिनीखाली अठ्ठाविसाव्या मजल्यावर ठेवते, आणि तिथून चौघाचौघांच्या तुकड्या अज्ञात ग्रहांवर पाठवते. पहिल्या तुकडीत कर्नल जॅक ओ’नील हा अनुभवी अधिकारी आहे, कॅप्टन समंथा कार्टर ही खगोलभौतिकीची अभ्यासक अधिकारी आहे, डॅनियल जॅक्सन हा पुरातत्त्वज्ञ आहे आणि टील्क हा शत्रूची बाजू सोडून आलेला योद्धा आहे. शत्रू म्हणजे गोआउल्ड नावाचे परजीवी जीव. ते माणसाच्या शरीरात शिरून त्याचा ताबा घेतात, प्राचीन देवतांची नावे धारण करतात आणि ग्रहोग्रहींच्या माणसांना गुलाम करून स्वतःची पूजा करवून घेतात.

एवढे ऐकून कोणीही म्हणेल की यात नवे काय. परग्रह, बंदुका आणि स्फोट तर पुष्कळ ठिकाणी पाहायला मिळतात. खरे आहे. त्या गोष्टींसाठी प्रेक्षक दहा वर्षे थांबत नाही. तो थांबतो ते या मालिकेतल्या कामाच्या शिस्तीसाठी आणि त्या कामातून येणाऱ्या जबाबदारीसाठी, असे माझे ठाम मत आहे. प्रत्येक मोहिमेआधी लांब टेबलाभोवती बैठक होते, काय माहीत आहे आणि काय नाही हे मांडले जाते, आणि परत आल्यावर त्याच टेबलाभोवती झाल्या गोष्टीचा हिशेब द्यावा लागतो. टेबलाच्या टोकाला बसलेले जनरल हॅमंड शांतपणे ऐकतात, खोदून विचारतात आणि मग निर्णय देतात. ही भूमिका करणारे डॉन डेव्हिस यांनी स्वतः अमेरिकी लष्करात सेवा केलेली होती आणि ते त्यांच्या बसण्याबोलण्यात दिसते. ओरडणारा, टेबलावर मूठ आपटणारा अधिकारी आपण पडद्यावर इतका पाहिला आहे, की हाताखालच्या माणसाचे म्हणणे पुरते ऐकून घेणारा अधिकारी पाहणे हाच एक वेगळा आनंद ठरतो.

शिस्त कथेलाही आहे. कड्याची वाट ३८ मिनिटांहून अधिक काळ उघडी राहत नाही. ती एका वेळी एकाच दिशेने चालते, पलीकडून कोणीही शिरू नये म्हणून कड्यावर धातूच्या पात्यांची झडप बसवलेली आहे, आणि परतणाऱ्या तुकडीने आधी संकेत पाठवला तरच ती उघडते. हे नियम लेखकांनी वर्षानुवर्षे पाळले. जिथे ते मोडावे लागले तिथे ते का मोडले याचीच गोष्ट केली. त्यामुळे संकेत पाठवण्याचे यंत्र हातातून पडले एवढे दाखवले तरी प्रेक्षकाचा श्वास रोखला जातो, कारण बंद झडपेवर जाऊन आदळणे म्हणजे काय हे त्याला ठाऊक असते. सोयीप्रमाणे नियम बदलणाऱ्या कथेत ही भीती कधीच निर्माण होत नाही. प्रेक्षकाला नियम शिकवा, ते पाळा आणि त्याच्या बुद्धीवर विश्वास ठेवा, एवढेच त्या लेखकांनी केले.

आता टील्कविषयी थोडे विस्ताराने लिहिते, कारण माझ्या दृष्टीने मालिकेचा कणा तोच आहे. तो जाफा जमातीचा. जाफा हे गोआउल्डांचे सैनिक, पिढ्यान्‌पिढ्या त्यांच्यासाठी मरणारे आणि मारणारे. त्यांच्या पोटात एका पिशवीत गोआउल्डाचे पिल्लू वाढवलेले असते आणि तेच त्यांची रोगप्रतिकारशक्ती बनलेले असते; ते काढून घेतले तर जाफा जगत नाही. म्हणजे ज्याच्याविरुद्ध बंड करायचे त्याचाच अंश देहात बाळगल्यावाचून श्वास चालत नाही, अशी ही गुलामी. टील्क हा अपोफिस नावाच्या सत्ताधीशाचा प्रथम सेनानी असतो. पहिल्याच भागात कैद्यांना ठार मारण्याचा हुकूम आल्यावर तो शस्त्र आपल्याच सैनिकांवर रोखतो आणि पृथ्वीच्या माणसांसोबत निघून जातो. दुसऱ्या एखाद्या मालिकेत इथे त्याचे पाप धुतले गेले असते आणि तो नायक म्हणून मोकळा झाला असता. या मालिकेने तसे होऊ दिले नाही.

पहिल्याच पर्वात एक भाग आहे. तुकडी एका साध्या वस्तीत पोहोचते आणि तिथला एक तरुण टील्कला ओळखतो: माझ्या बापाला मारणारा हाच. त्या वस्तीच्या रीतीप्रमाणे खटला उभा राहतो. फिर्यादी तोच तरुण आणि न्यायाधीशही तोच. कर्नल ओ’नील जीव तोडून बचाव करतो: हा हुकमाचा ताबेदार होता, आता बदलला आहे, त्याच्या मदतीने हजारो जीव वाचणार आहेत. टील्क मात्र बचाव करत नाही. त्याला त्या म्हाताऱ्याचा चेहरा आठवतो. त्या दिवशी अपोफिसने वस्तीतल्या एकाला मारण्याचा हुकूम दिला होता आणि टील्कने पायाने अधू असलेल्या त्या माणसाची निवड केली होती. कारण संकटाच्या वेळी वस्तीतले लोक त्याला मागे टाकून पळत नसत, त्याच्या चालीने चालत, आणि त्यामुळे सगळेच सापडत. तो गेला तर इतरांना पळता येईल, असा हिशेब त्याने केला होता. हे कळल्यानंतरही खून तो खूनच राहतो, आणि टील्कचेही तेच म्हणणे असते: या मुलाला माझ्याकडून न्याय मागण्याचा हक्क आहे.

नववीच्या वर्गात मी एकदा ही गोष्ट सांगितली आणि शेवट न सांगता मुलांना विचारले की तुम्ही त्या तरुणाच्या जागी असता तर काय केले असते. मागच्या बाकावरची एक मुलगी ताडकन उठून म्हणाली, “हुकूम होता म्हणून काय झालं, मॅडम? मारलं तर त्यानंच ना?” तिच्या शेजारचीने लगेच उत्तर दिले, “अगं, पण ह्यानं एकाला नसतं मारलं तर दुसऱ्यानं येऊन सगळ्यांनाच मारलं असतं.” तास संपल्याची घंटा झाली तरी वाद थांबेना, आणि दुसऱ्या दिवशी तिघे-चौघे शेवट विचारायला स्टाफरूमच्या दारात उभे होते. ग्रामीण प्रेक्षकाला असे प्रश्न पेलत नाहीत, हा आपल्या क्षेत्रातला समज मी अनेकदा ऐकला आहे. माझ्या वर्गातली ही मुले सोयाबीनच्या आणि तुरीच्या शेतांतून शाळेत येतात. त्यांना तो प्रश्न पेलला, आणि त्यांनी तो घरीही नेला.

या एका खटल्यापासून मालिका जाफांच्या मुक्तीची कथा पुढची आठ-नऊ वर्षे सांगत राहते. आरंभी टील्क आणि त्याचा वृद्ध गुरू ब्राताक असे दोघेच असतात. मग रानावनात लपून राहणारे थोडे बंडखोर मिळतात. त्यांतले काही फुटतात, काही मारले जातात, टील्कची बायको आणि मुलगा याची किंमत मोजतात. पुढे एक औषध सापडते, त्यामुळे पोटातल्या पिल्लावाचून जगता येऊ लागते, आणि तेही घ्यायला अनेक जाफा तयार नसतात, कारण बापजाद्यांची रीत सोडायची कशी हा प्रश्न त्यांना शत्रूपेक्षा मोठा वाटतो. आठव्या पर्वात अखेर सत्ताधीशांचा पाडाव होतो आणि जाफा स्वतंत्र होतात. मला सर्वांत मोलाचे वाटते ते याच्या पुढचे. नवव्या पर्वात स्वतंत्र जाफांची परिषद बसते आणि खुर्चीवरून, मानावरून, जुन्या वैरावरून भांडू लागते. आजवर एकत्र लढलेली माणसे एकमेकांकडे संशयाने पाहू लागतात. विजयाच्या दिवशी कथा न संपवता त्यानंतरची कटकट दाखवण्याचे धैर्य फार थोड्या लेखकांत असते.

मराठवाड्याच्या माणसाला हा धागा परका नाही. १५ ऑगस्ट १९४७ रोजी देश स्वतंत्र झाला तेव्हा आम्ही हैदराबाद संस्थानात होतो आणि १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत, म्हणजे आणखी तेरा महिने, तिथेच राहिलो. स्वामी रामानंद तीर्थ यांच्या नेतृत्वाखाली स्टेट काँग्रेसने लढा दिला, सरहद्दीबाहेरच्या कॅम्पांतून तरुण आत-बाहेर करत राहिले, आणि शेवटी भारतीय सैन्य आत आले. आमच्याकडची जुनी माणसे त्याला अजूनही ‘पोलीस ॲक्शन’ म्हणतात. माझे आजोबा अशा एका कॅम्पात होते. ते सांगत, की रझाकारांची भीती वाटायचीच, पण त्याहून अवघड काम होते ते गावातल्या माणसाला “हुजूर” म्हणणे सोडायला लावण्याचे. आणि मुक्तीनंतर जमिनीचे काय, जुन्या वतनाचे काय, कोणाच्या शब्दाला मान, यावरून गावोगाव झालेल्या वादांविषयी बोलताना ते अधिक गंभीर होत. मालिकेतल्या त्या परग्रही सत्ताधीशांची आणि इथल्या राज्यकर्त्यांची तुलना मला अभिप्रेत नाही. साम्य आहे ते राज्य सोसलेल्या माणसांत, त्यांच्या सवयीत आणि सवय मोडताना होणाऱ्या ओढाताणीत. ही ओढाताण आमच्या घराघरांत सांगितली गेली आहे. आमच्यासारख्या प्रेक्षकाला टील्कची गोष्ट कळणार नाही, असे कोणत्या आधारावर म्हणायचे?

चौथ्या पर्वातला आणखी एक प्रसंग असाच मनात ठसून राहिला आहे. युद्धात सापडलेल्या एका प्रगत लोकसमूहाला इंधनासाठी जड पाणी हवे असते आणि त्याच्या बदल्यात ते पृथ्वीला शस्त्रे, औषधे, यंत्रे असे मागेल ते द्यायला तयार असतात. पृथ्वीला या तंत्रज्ञानाची नितांत गरज आहे. वरून दबाव आहे, ओ’नीलही आरंभी उत्सुक आहे. डॅनियल मात्र पुन्हा पुन्हा एकच विचारत राहतो, की हे युद्ध कोणाशी आणि कशासाठी आहे. शेवटी उघड होते की हे लोक वंशशुद्धीच्या वेडापायी दुसऱ्या समूहाचा संहार करत आहेत. ओ’नील सौदा मोडतो. परतताना तो त्यांच्या नेत्याला बजावतो की आमच्या मागून येऊ नकोस. तळावर पाय ठेवताच झडप बंद करण्याचा हुकूम देतो, आणि क्षणभराने धातूवर काहीतरी आदळल्याचा दबका आवाज येतो. कार्टर त्याच्याकडे पाहते. कोणी काही बोलत नाही. तो नेता त्याच लायकीचा होता असे मालिका म्हणत नाही आणि ओ’नील चुकला असेही म्हणत नाही. तो हुकूम बरोबर होता का, याचा निर्णय मी आजही स्वतःशी करू शकलेले नाही, आणि इतक्या वर्षांनंतर एखादा भाग असा अस्वस्थ करत असेल तर त्याला मनोरंजन म्हणून बाजूला सारता येत नाही.

सातव्या पर्वात डॉक्टर जॅनेट फ्रेझर मारली जाते. ती तळावरची वैद्यकीय अधिकारी, पहिल्या पर्वापासून प्रत्येक तुकडीच्या जखमा बांधणारी, आणि एका ग्रहावर अनाथ झालेल्या कॅसँड्रा नावाच्या मुलीला स्वतःची म्हणून वाढवणारी. रणांगणात एका जखमी जवानावर उपचार करताना तिला मृत्यू येतो. श्रद्धांजलीच्या वेळी कार्टर बोलायला उभी राहते आणि तिच्या पराक्रमाचे वर्णन करण्याऐवजी तिच्यामुळे आज जिवंत असलेल्या माणसांची नावे वाचते, एकामागून एक. मराठवाड्यातल्या पुष्कळ लोकांनी सैनिक जवळून पाहिला तो ३० सप्टेंबर १९९३ च्या भूकंपानंतर. किल्लारी आणि आसपासच्या गावांत, दगडमातीच्या जाड भिंतींच्या ढिगाऱ्यातून माणसे काढणारे जवान आमच्या पिढीने पाहिले आहेत. सैनिकाच्या कामाचे माप वाचवलेल्या माणसांत मोजायचे, हे आमच्या भागात कोणाला समजावून सांगावे लागत नाही. म्हणूनच तो भाग इथे पाहिला गेला तर कसा पाहिला जाईल, याची मला पुरेपूर कल्पना आहे.

सैन्याच्या चित्रणाविषयी एक शंका रास्त आहे आणि ती मी टाळत नाही. अमेरिकी हवाई दलाने या मालिकेला सहकार्य केले, पटकथा तपासून दिल्या, आणि दलाचे दोन प्रमुख, जनरल मायकेल रायन आणि जनरल जॉन जम्पर, तर स्वतःच्याच भूमिकेत पडद्यावर आले. मग हा दलाचा प्रचारच नव्हे का? काही अंशी आहे. तळावरची माणसे बहुधा सज्जन दाखवली आहेत, आणि परग्रहावरचे गावकरी अनेकदा भोळे, बंदूकवाल्या पाहुण्यांची वाट पाहत बसलेले असे दिसतात; ही मालिकेची खरी उणीव आहे. पण त्याच मालिकेत मित्रग्रहांची यंत्रे चोरणारे आपल्याच देशाचे अधिकारी आहेत, तळाचा ताबा मिळवण्यासाठी कारस्थान करणारा सिनेटर आहे, आणि वरिष्ठांचा हुकूम अन्यायाचा असेल तर काय करायचे हा प्रश्न पुन्हा पुन्हा विचारलेला आहे. मराठीत अशी मालिका झाली तर ती गावकऱ्याच्या बाजूनेही सांगितली जावी, अशी माझी अपेक्षा आहे. आमचे लेखक ते अधिक चांगले करतील असा माझा विश्वास आहे, कारण गावाबाहेरून आलेल्या सत्तेकडे गाव कोणत्या नजरेने पाहते हे त्यांना पाठ आहे. देवतांच्या नावांचीही आपण काळजी घ्यावी. त्या मालिकेने निर्ऋतीसारखे वैदिक नावही एका क्रूर पात्राला देऊन टाकले. कोणाच्याही श्रद्धेतले नाव असे सहज उचलू नये.

डॅनियल जॅक्सनविषयी इतिहासाची शिक्षिका म्हणून चार ओळी लिहिल्यावाचून राहवत नाही. सैनिकांच्या तुकडीत प्रश्न विचारणारा पुरातत्त्वज्ञ, भिंतीवरचा लेख वाचून सर्वांचे प्राण वाचवणारा, आणि कर्नलशी रोज वाद घालूनही त्याचा जिवलग असलेला, असे पात्र मी दुसरीकडे पाहिले नाही. आमच्या शेजारच्या धाराशिव जिल्ह्यातले तेर म्हणजे प्राचीन तगर. पहिल्या शतकात एका ग्रीक प्रवासवर्णनाने त्याची आणि पैठणची नोंद केली आहे; इथला माल भडोचच्या बंदरातून पार रोमन जगापर्यंत जात होता. आमच्या मुलांना हे सांगितले की ती पुस्तकातली एक ओळ म्हणून लिहून घेतात. जमिनीखालून निघालेली वस्तू आजच्या माणसाचे आयुष्य पालटू शकते, हे डॅनियलने माझ्या काही विद्यार्थ्यांना माझ्यापेक्षा लवकर पटवले.

कार्टरचे महत्त्व मुलींसाठी आहे आणि ते वेगळे सांगायला नको. छत्रपती संभाजीनगरची सैनिकी सेवापूर्व शिक्षण संस्था १९७७ पासून मुलांना एनडीएसाठी घडवते. २०२२ पासून एनडीएचे दार मुलींसाठीही उघडले आहे. पहाटे रस्त्याच्या कडेने भरतीसाठी धावणाऱ्यांत आता आमच्या मुलीही असतात. गणित सोडवणारी, हुकूम देणारी, वरिष्ठाला तोंडावर “सर, हे चुकीचे आहे” असे सांगणारी आणि दहा वर्षांत कॅप्टनची लेफ्टनंट कर्नल झालेली स्त्री त्यांना मराठीत पाहायला मिळाली पाहिजे.

आता पैशाविषयी, कारण पहिली हरकत तीच येईल. त्या मालिकेचे बहुतेक ग्रह कॅनडातल्या व्हँकूव्हर शहराच्या आसपासच्या रानात चित्रित झाले. त्यामुळे ग्रह कोणताही असला तरी झाडे तीच दिसतात, आणि प्रेक्षकांनी ते आनंदाने चालवून घेतले. तळाचा आणि कड्याचा सेट एकदा उभारला आणि तो वर्षानुवर्षे वापरला. आपल्याकडे नळदुर्गाचा पाणीमहाल आहे, औशाचा किल्ला आहे, खरोशाची लेणी आहेत, बालाघाटाचे उघडे माळ आहेत आणि उन्हाळ्यात ओसरलेल्या नाथसागराचा भेगाळलेला तळ आहे. यांतला एकही ग्रह बांधावा लागणार नाही. खर्च लागेल तो लेखनाला, आणि तिथेच काटकसर होते ही माझी खरी तक्रार आहे. रोज रात्री अर्धा तास भरून काढण्यासाठी ताणलेली कथा आणि आठवड्याला एक पूर्ण गोष्ट सांगणारी कथा यांचे लेखन निराळे असते. त्या मालिकेच्या सातव्या पर्वापर्यंत वर्षाला २२ भाग झाले आणि पुढे २० झाले. जवळजवळ प्रत्येक भागाला स्वतःचा आरंभ आणि शेवट होता.

दुसरी हरकत, मराठीत विज्ञानकथेला वाचक-प्रेक्षक नाही. जयंत नारळीकर, बाळ फोंडके, लक्ष्मण लोंढे यांची नावे आमच्या तालुक्याच्या वाचनालयातल्या जुन्या नोंदवहीतही सापडतात. नारळीकर तर २०२१ मध्ये नाशिकच्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष झाले. मराठी समाजाने विज्ञानकथेला मानाचे पान दिलेले आहे. पडद्याने अजून पाट मांडलेला नाही.

म्हणून माझी मागणी अशी. आपल्यापैकी एका तरी वाहिनीने किंवा मंचाने साप्ताहिक स्वरूपाची, सैनिकी तुकडीभोवती फिरणारी मराठी विज्ञानमालिका हाती घ्यावी आणि तिला एकाच नव्हे तर दोन पर्वांची हमी आरंभीच द्यावी. शोटाइमने त्या मालिकेला पहिल्याच करारात दोन पर्वांचे ४४ भाग दिले होते. त्या भरवशामुळेच लेखकांना पहिल्या वर्षी पेरलेले चौथ्या वर्षी उगवेल अशी रचना करता आली. लेखकांच्या चमूत निवृत्त सैनिक असावेत. मराठवाड्याच्या कोणत्याही तालुक्यात विचारले तर असे सुभेदार, हवालदार भेटतील, जे बैठकीत कोण आधी बोलतो आणि सीमेवरच्या चौकीत रात्र कशी जाते हे कोणत्याही सल्लागार कंपनीपेक्षा नेमके सांगतील. इतिहास आणि पुरातत्त्वाचे अभ्यासक, भौतिकशास्त्राचे प्राध्यापक यांनाही आरंभापासून बसवावे, शेवटी केवळ श्रेयनामावलीत नाव घालण्यापुरते नव्हे. पात्रांनी मराठवाडी बोली बोलली तर ती विनोदासाठी नसावी. आमच्या बोलीत हुकूमही देता येतो आणि शोकही करता येतो. आणि पहिल्या पर्वाला टीआरपी कमी मिळाला म्हणून तेराव्या आठवड्यात एखाद्या पात्राचे लग्न लावून कथा घरात आणू नये, ही कळकळीची विनंती.

या पत्रावर आपण जाहीर उत्तर द्यावे अशी अपेक्षा आहे. उत्तर नकाराचे असले तरी चालेल, पण त्याची कारणे लिहावीत, म्हणजे आम्हा शिक्षकांना आणि विद्यार्थ्यांना त्यांचा विचार करून पुन्हा आपल्यापुढे येता येईल. लेखकांना चित्रीकरणस्थळे पाहायची असतील, जुन्या सैनिकांशी किंवा मुक्तिसंग्रामातल्या कुटुंबांशी बोलायचे असेल, तर लातूर आणि धाराशिव जिल्ह्यांत त्यांची सोय लावून देण्याची जबाबदारी मी आणि माझे काही सहकारी घेऊ. दिवाळीच्या सुट्टीत आम्ही मोकळे असतो.

कळावे,

आपली,
लातूर जिल्ह्यातील एक इतिहास शिक्षिका